'यू आर स्टिल द वन': सारखे सारखे विचारले जाणारे प्रश्न

आमच्या ठाण्याच्या कराओके ग्रुपात बहुतेक सगळं हिंदी-मराठीच चालतं, पण एक इंग्रजी गाणं थोड्या थोड्या दिवसांनी कोणीतरी हमखास मागतं, ते म्हंजे शनाया ट्वेनचं 'यू आर स्टिल द वन'. कोणाला बायकोच्या वाढदिवसाला म्हणायचं असतं, कोणाला सासूसासऱ्यांच्या पंचविसाव्याला, आणि मग फोनवर तेच तेच प्रश्न. ग्रुपात सगळ्यात जास्त बडबड मी करते म्हणून उत्तरं पण माझ्याच गळ्यात पडतात, तर आता एकदाच सगळं लिहून टाकते.

हे नक्की कुठलं गाणं? नावावरून लक्षात येत नाहीये

अहो लावलंत की लगेच येईल लक्षात. कीबोर्डचा एक मऊ सूर लागतो, मग एक बाई गायला लागायच्या आधी नुसतंच काहीतरी बोलते, हळू, अगदी कानाशी, आणि मग गाणं सुरू होतं. बाई म्हंजे शनाया ट्वेन, कॅनडाची. गाणं सिंगल म्हणून, म्हंजे अल्बममधून वेगळं काढून, जानेवारी १९९८ मध्ये आलं, अल्बम 'कम ऑन ओव्हर' त्याच्या आधी नोव्हेंबर १९९७ मध्ये आलेला. त्या अल्बममध्ये १६ गाणी आणि त्यातली १२ सिंगल म्हणून काढली, म्हंजे जवळजवळ अख्खी कॅसेटच रेडिओवर वाजली म्हणा ना. हे त्यातलं तिसरं. लिहिलं तिने आणि तिचा तेव्हाचा नवरा रॉबर्ट जॉन लँग, ज्याला सगळे 'मट' लँग म्हणतात, या दोघांनी मिळून, आणि प्रोड्यूस त्याने केलं.

आपल्याकडे तेव्हा केबलवर चॅनल व्ही आणि एमटीव्ही जोरात होते, त्यामुळे ज्यांचं कॉलेज त्या दोन-तीन वर्षांतलं आहे त्यांना शब्द येत नसले तरी चाल पाठ असते. त्याच अल्बममधलं 'दॅट डोन्ट इम्प्रेस मी मच' तर गॅदरिंगला डान्ससाठी ठरलेलंच असायचं.

या गाण्याला कंट्री पॉप म्हणतात, ते म्हंजे काय? कंट्री वेगळं आणि पॉप वेगळं ना?

हो, वेगळंच, आणि त्यावरून तिकडे भांडणंही होतात. कंट्री म्हंजे अमेरिकेच्या दक्षिणेकडची गावाकडची गाणी, त्यांचं मुख्य ठाणं नॅशव्हिल, टेनेसी राज्यात. बँजो, फिडल म्हंजे आपलं व्हायोलिनच पण वाजवायची पद्धत वेगळी, आणि पेडल स्टील गिटार. ही गिटार स्टँडवर आडवी ठेवून तारांवरून लोखंडी दांडी सरकवत वाजवतात, पायाखाली पेडल असतात, त्यामुळे सूर तुटत नाही, एकातून दुसऱ्यात घसरत जातो, आपल्या मींडेसारखा. जुन्या हिंदी गाण्यांत हवाईयन गिटार ऐकली असेल तर ही तिची चुलत बहीण. आणि कंट्री गाण्यात बहुतेकदा एक गोष्ट असते, कोणीतरी माणूस, त्याचं घर, त्याची बायको, त्याची नोकरी गेलेली वगैरे.

कंट्री पॉप म्हंजे हे सगळं ठेवायचं, पण ढोलकाम आणि कोरस पॉपचा घ्यायचा, की ज्याला नॅशव्हिल कुठे आहे हे माहीत नाही त्यालाही दुसऱ्यांदा ऐकताना गुणगुणता आलं पाहिजे. आणि यात मट लँगचा हात कोणी धरू शकत नव्हतं. कारण हा माणूस कंट्रीवाला नव्हताच मुळी! एसी/डीसीचा 'बॅक इन ब्लॅक', डेफ लेपर्डचा 'हिस्टेरिया', हे याने प्रोड्यूस केलेले. म्हंजे हेवी रॉकमध्ये आयुष्य काढलेला माणूस, आवाजाचे थरावर थर चढवून कोरस फुगवायचा यात पीएचडी. तीच युक्ती त्याने इथे लावली, फक्त हळू आवाजात. कोरसला मागून टायटलची ओळ म्हणणारा जो पुरुषी थर ऐकू येतो ना, त्यात तो स्वतः आहे.

नॅशव्हिलमधल्या जुन्या लोकांना हे अजिबात पटलं नाही. ही कंट्री नाहीच, ही प्रोड्यूसरने घडवलेली बाहुली आहे, बेंबी दाखवते, वगैरे वगैरे सगळं बोलून झालं. मला विचाराल तर गाणं कंट्रीच आहे, वाद्यांमुळे नाही, गोष्टीमुळे. त्याबद्दल खाली लिहिलंय.

माझ्या कॅसेटवर वेगळं होतं आणि यूट्यूबवर वेगळं वाजतंय, माझे कान खराब झालेत का?

नाही हो, कान शाबूत आहेत. या अल्बमच्या खरंच दोन तऱ्हा आहेत. अमेरिकेत पहिल्यांदा आला तो कंट्रीवाला, फिडल आणि स्टील गिटार पुढे. मग १९९८ मध्ये बाकी जगासाठी एक इंटरनॅशनल आवृत्ती काढली, त्यात तेच गाणं, तोच आवाज, पण गावाकडची वाद्यं मागे ढकललेली किंवा काढूनच टाकलेली आणि पॉपची चमक वाढवलेली. भारतातल्या बऱ्याच जणांच्या कानात ही दुसरी बसलेली असते, म्हणून पहिली ऐकली की काहीतरी चुकल्यासारखं वाटतं.

माझं मत, दोन्ही ऐका पण आधी कंट्रीवाली. ती स्टील गिटार ओळींच्या मधल्या जागा भरते, बाई जे बोलत नाहीये ते ती बोलते. पॉपवाल्यात त्या जागा जरा मोकळ्या मोकळ्या वाटतात.

हे कोणासाठी लिहिलंय? खरी गोष्ट आहे का?

खरी आहे, आणि गाण्याची सगळी ताकद तिथेच आहे म्हणून जरा सविस्तर.

शनायाचं मूळ नाव आयलीन एडवर्ड्स, जन्म १९६५ चा, ओंटारिओतल्या विंडसरचा. वाढली उत्तरेकडच्या टिमिन्स नावाच्या खाणींच्या गावात, घरची परिस्थिती वाईट. आठ वर्षांची असल्यापासून बारमध्ये गायची, ते पण रात्री उशिरा, दारू द्यायची वेळ संपली की, कारण तेव्हाच लहान मुलीला आत घेता यायचं. १९८७ ला आई आणि सावत्र वडील दोघेही गाडीच्या अपघातात गेले. धाकटी भावंडं हिच्यावर. मग हंट्सव्हिलच्या डिअरहर्स्ट रिसॉर्टमध्ये शोमध्ये गाऊन तिने घर चालवलं. १९९३ ला पहिला अल्बम निघाला आणि फारसा चाललाच नाही.

पण तो लँगच्या कानावर पडला. लँग १९४८ चा, म्हंजे हिच्याहून १७ वर्षांनी मोठा, जगभर नाव, आणि मुलाखत देत नाही, फोटो काढून देत नाही असा विक्षिप्त. फोनवर गाण्यांबद्दल बोलणं सुरू झालं, आठवडेच्या आठवडे, आणि प्रत्यक्ष भेट जून १९९३ मध्ये नॅशव्हिलच्या फॅन फेअर या कंट्री गाण्यांच्या मेळ्यात. डिसेंबरमध्ये लग्न! सहा महिन्यांत! आता तुम्हीच सांगा, आपल्याकडच्या कुठल्याही कॉलनीत हे झालं असतं तर लोक काय बोलले असते. तिकडेही तेच बोलले. हिला करिअर पाहिजे, त्याला तरुण बायको पाहिजे, दोन वर्षं टिकलं तरी खूप.

आणि हे गाणं म्हंजे त्या सगळ्या लोकांना दिलेलं उत्तर आहे. बघा, तुम्ही म्हणाला होतात जमणार नाही, जमलंय. नुसतं तुझ्यावर प्रेम आहे असं नाही म्हणत ती, आपण बरोबर होतो आणि ते चूक होते असं म्हणते. त्या समाधानात थोडासा टोमणा आहे आणि म्हणूनच ते खरं वाटतं. गोड गाणी ढिगाने आहेत, पण नातेवाइकांच्या नाकावर टिच्चून म्हटलेलं गोड गाणं तसं कमीच.

यातली गंमत अशी की गाणं रेकॉर्ड झालं तेव्हा लग्नाला चार वर्षंही पूर्ण झाली नव्हती. ऐकताना वाटतं पंचवीस वर्षं संसार करून बसलेत. चार वर्षांत आपल्याकडे गॅसच्या कनेक्शनवरचं नावसुद्धा बदलून होत नाही आणि ही बाई मागे वळून बघ किती लांब आलो म्हणते!

पण त्यांचा घटस्फोट झाला ना? मग गाणं खोटंच की

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो, आणि विचारणाऱ्याला बहुतेकदा उत्तर नको असतं, नुसतं असं थोडं हसायचं असतं.

हो, झाला. २००१ मध्ये त्यांना मुलगा झाला, २००८ मध्ये दोघं वेगळे झाल्याची बातमी आली, २०१० मध्ये कायदेशीर घटस्फोट. तिने आत्मचरित्रात लिहिलंय की नवऱ्याचं तिच्याच जवळच्या मैत्रिणीशी प्रकरण होतं. आणि पुढचा भाग एखाद्या सिरियलवाल्याने लिहिला असता तर आपण नावं ठेवली असती. १ जानेवारी २०११ ला शनायाने त्या मैत्रिणीच्या आधीच्या नवऱ्याशी, फ्रेडरिक थिबो याच्याशी लग्न केलं. ते दोघं अजून एकत्र आहेत.

आता खोटं की खरं. गाण्यात जे म्हटलंय ते म्हणतानाच्या दिवसापुरतं आहे, अजूनही तूच. उद्याची हमी तिने कुठे घेतलीय, आणि खरं सांगायचं तर कोण घेऊ शकतं. शिवाय तिने स्वतः काय केलं बघा. लपवलं नाही, टाळलं नाही. डिसेंबर २०१२ ला लास वेगासला सीझर्स पॅलेसमध्ये तिचा मोठा शो सुरू झाला, दोन वर्षं चालला, त्या शोचं नावच 'शनाया: स्टिल द वन'. म्हंजे ज्या माणसासाठी लिहिलं तो गेला, गाणं हिने ठेवून घेतलं. मला यात खोटेपणा दिसत नाही, उलट हिशेबीपणा दिसतो आणि तो मला आवडतो. अर्धं गाणं तिचं होतं, मेहनत तिची होती, का सोडायचं.

लग्नात वाजवावं का? पहिल्या डान्सला?

लोक वाजवतात. वसईच्या, गोव्याच्या कॅथलिक लग्नांत बँडवाल्यांना हे यावंच लागतं. पण माझं स्पष्ट मत, नवीन लग्नाला हे गाणं लावू नका. काल साखरपुडा झालेल्या मुलाने आपण किती लांब आलो म्हणायचं म्हंजे काय, हॉलच्या गेटपासून स्टेजपर्यंत? त्याच अल्बममध्ये 'फ्रॉम धिस मोमेंट ऑन' आहे, ते खास लग्नाचं, इथून पुढे सुरुवात असंच सगळं, ते लावा.

हे गाणं वाढदिवसाचं आहे. लग्नाच्या वाढदिवसाचं म्हणते मी. त्यातही जितकी वर्षं जास्त तितकं चांगलं लागतं. आमच्या ग्रुपातल्या एका काकांनी मध्ये म्हटलं हॉलमध्ये, काकूंकडे बघत, अगदी मनापासून आणि बऱ्यापैकी बेसूर. काकू पर्स उघडून त्यात केटररची पावती शोधत बसलेल्या, मान वर नाही, काही नाही. पण कोरस आला तेव्हा पावती शोधता शोधता ओठ हलत होते त्यांचे, सगळे शब्द बरोबर. घरी किती वेळा प्रॅक्टिस ऐकावी लागली असेल बिचारीला!

एवढं गाजलं तर अमेरिकेत एक नंबरवर होतं ना?

नव्हतं! बिलबोर्ड हॉट हंड्रेडवर, म्हंजे अमेरिकेतल्या गाण्यांच्या मुख्य यादीवर, हे दोन नंबरपर्यंत गेलं आणि तिथे थोडेथोडके नाही, मिळून नऊ आठवडे अडकून बसलं. १९९८ चा तो उन्हाळा ब्रँडी आणि मोनिका यांच्या 'द बॉय इज माइन'चा होता, ते सलग १३ आठवडे वरून हललंच नाही. कंट्रीच्या वेगळ्या यादीवर मात्र हे एक नंबरला पोचलं, ऑस्ट्रेलियातही पोचलं. इंग्लंडमध्ये दहा नंबर, पण तिकडे तिला ओळख मिळाली ती याच गाण्याने.

अल्बमचं पण तेच, बिलबोर्डच्या मुख्य अल्बम यादीत 'कम ऑन ओव्हर' कधीच एक नंबरवर गेला नाही, दोनवरच थांबला. आणि विक्री किती, तर एकट्या अमेरिकेत दोन कोटींचं सर्टिफिकेट आणि जगभरात चार कोटींच्या आसपास. कंट्री अल्बमच्या यादीत ५० आठवडे पहिला. एका बाईच्या नावावरचा इतका खपलेला दुसरा अल्बम सापडणं अवघड. तेव्हा नंबरावर जाऊ नका.

ग्रॅमी मिळालं का?

दोन, फेब्रुवारी १९९९ मध्ये. एक गायिकेचं कंट्री गायनासाठी आणि एक बेस्ट कंट्री साँगचं, म्हंजे ते तिचं आणि लँगचं दोघांचं. साँग ऑफ द इयर आणि रेकॉर्ड ऑफ द इयरलाही नॉमिनेशन होतं, पण त्या वर्षी समोर 'टायटॅनिक'चं 'माय हार्ट विल गो ऑन' होतं. काय बोलणार.

माझे वडील म्हणतात हे गाणं सत्तरच्या दशकातलं आहे

त्यांना आठवतंय ते ऑर्लिअन्स बँडचं 'स्टिल द वन', १९७६ चं. वेगळं गाणं, वेगळी चाल, जरा उड्या मारणारं, विषय मात्र तोच, इतकी वर्षं झाली तरी तूच. त्यातला जॉन हॉल पुढे न्यूयॉर्कमधून अमेरिकन काँग्रेसवर निवडून गेला. वडिलांना सांगा, बरोबर आहे तुमचं पण गाणं दुसरं.

व्हिडिओत समुद्रावर जो माणूस आहे तोच नवरा का?

नाही, तो मॉडेल. नवरा कॅमेऱ्यासमोर येईल तर शपथ.

कुठल्या पट्टीत आहे? मला झेपेल का?

मूळ गाणं काळी दोनमध्ये आहे, गिटारवाल्यांच्या भाषेत ई फ्लॅट. लय संथ, मेट्रोनोमवर साधारण ६७. बायकांना मूळ पट्टी बहुतेक वेळा जमते, पण गोची वेगळीच आहे. अंतरा खूप खाली आहे, जवळजवळ बोलल्यासारखा, आणि आपल्याकडे सगळ्यांना वरचे सूर लागतील की नाही याचीच काळजी, त्यामुळे खालच्या सुरांकडे लक्ष नसतं आणि पहिल्याच ओळीला आवाज बसतो. म्हणून ट्रॅक निवडायच्या आधी अंतऱ्याची सगळ्यात खालची जागा म्हणून बघा, ती माइकशिवाय नीट ऐकू आली तर पट्टी ठीक. कोरसची चिंता करू नका, तो वर जातो पण ओढून नेत नाही. पुरुषांनी सरळ पट्टी बदलून घ्या, काळी पाच किंवा पांढरी एक करून बघा, ज्याच्या त्याच्या गळ्यावर आहे. आजकाल अॅपमध्ये बोट फिरवलं की बदलते, हट्टाने मूळ पट्टीत ओरडण्यात काही शौर्य नाही.

गिटारवर घ्यायचं तर पहिल्या फ्रेटवर कॅपो, म्हंजे तारा दाबून धरणारा चिमटा, लावा आणि डीच्या शेपने वाजवा, सगळ्यात सोपं. कोरस म्हंजे डी, जी, ई मायनर सेव्हन, ए, आणि हेच फिरत राहतं. शिकायला लागून महिना-दोन महिने झालेला मुलगाही वाजवेल. अवघड कॉर्ड एकही नाही, अवघड आहे ते घाई न करणं. लय इतकी संथ आहे की हात आपोआप पुढे पळतो, विशेषतः अंतऱ्यातून कोरसला जाताना. तिथे पायाने ठेका धरा आणि स्वतःला थांबवा.

आणि एक हात जोडून विनंती. हरकती घेऊ नका. आमच्याकडे एक ताई आहेत, शास्त्रीय शिकलेल्या, सुंदर गातात, पण प्रत्येक ओळीच्या शेवटी एक मुरकी आल्याशिवाय त्यांना चैन पडत नाही, आणि हे गाणं मुरकीत मरतं. शनाया ओळीच्या शेवटी काय करते ते नीट ऐका, सूर सोडते आणि श्वास ऐकू देते. तो श्वास पण गाण्यातलाच आहे. ते साधलं की निम्मं काम झालं.

सुरुवातीला ती बोलते ते म्हणायचं का? लाज वाटते

म्हणायचं. तेवढं एक वाक्य म्हटलं नाही तर पुढचं गाणं हवेतून सुरू झाल्यासारखं वाटतं. माइक जवळ घ्या, आवाज खाली ठेवा, नाटकातला संवाद म्हणू नका आणि डोळे मिटू नका, ज्याच्यासाठी म्हणताय त्याच्याकडे बघा. तो समोर नसेल तर साउंडवाल्याकडे बघा, काय करणार. जमतच नसेल तर इंट्रो नसलेला ट्रॅक घ्या, पण नुसतं गप्प उभं राहू नका, लोकांना वाटतं माइक बंद आहे.

आताच्या लाइव्ह व्हिडिओत तिचा आवाज वेगळा का लागतो?

कारण तो खरंच बदललाय. २००३ च्या सुमाराला तिला गोचीड चावून लाइम नावाचा आजार झाला आणि त्याने गळ्याच्या नसांवर परिणाम केला, त्याला डिस्फोनिया म्हणतात. बरीच वर्षं तिला नीट गाताच येत नव्हतं. २००२ च्या 'अप!' नंतर पुढचा नवीन अल्बम 'नाऊ' आला तो थेट २०१७ ला, पंधरा वर्षांनी, आणि त्यातली सगळी गाणी तिने लँगशिवाय, एकटीने लिहिली. २०१८ ला गळा उघडून ऑपरेशन केलं, आत आधारासाठी गोर-टेक्स बसवलंय, हो तेच, ज्याचे भारी रेनकोट मिळतात.

त्यामुळे आताचा आवाज जाड आहे, जरा खरखरीत. काही लोक खाली लिहितात की पूर्वीसारखं राहिलं नाही. नाहीच राहिलं. पण साठीच्या आसपासच्या बाईने इतकं सगळं होऊन गेल्यावर हेच गाणं म्हटलेलं मला जास्त ऐकावंसं वाटतं, १९९८ ला तिशीत मागे वळून बघत होती त्यापेक्षा आता मागे बघायला बरंच काही आहे. जून २०२४ मध्ये इंग्लंडच्या ग्लास्टनबरी फेस्टिव्हलला लेजंड्सच्या मानाच्या स्लॉटला बोलावलं होतं तिला, उगाच नाही.

पुरुषाने म्हटलं तर विचित्र वाटेल का?

अजिबात नाही. शब्दांत बाई-पुरुष असं काहीच नाहीये. टेडी स्विम्स म्हणून दाढीवाला, टॅटूवाला गायक आहे, त्याचा आज एवढा बोलबाला आहे पण आधी तो यूट्यूबवर दुसऱ्यांची गाणी म्हणायचा, त्यात हे म्हटलंय, जरूर ऐका, कंट्रीचं पार सोल करून टाकलंय. आणि एप्रिल २०२२ मध्ये कोचेला फेस्टिव्हलला हॅरी स्टाइल्सने शनायाला स्टेजवर बोलावून तिच्याबरोबर म्हटलं. त्यानंतर माझ्या भाचीला एकदम कळलं की मावशीचं गाणं भारी आहे. आम्ही सांगत होतो तेव्हा ऐकू येत नव्हतं.

तिचं काही इंडिया कनेक्शन आहे असं कोणीतरी म्हणालं

आहे, पण या गाण्याचं नाही, पुढच्या अल्बमचं. २००२ चा 'अप!' तिने आणि लँगने तीन रंगांत काढला. लाल म्हंजे पॉप, हिरवा म्हंजे कंट्री, आणि निळा म्हंजे चक्क आपल्याकडच्या धाटणीचा, भांगडा आणि बॉलिवूडचा मसाला घातलेला. गाणी तीच १९, वाजवणं वेगळं. निळ्याचं काम बर्मिंगहॅमच्या सायमन आणि डायमंड दुग्गल या भावांनी केलं. अमेरिकेत लाल आणि हिरवी सीडी मिळायची, बाकी जगात लाल आणि निळी. निळी ऐकायची तर मूड हलका ठेवून ऐका, काही ठिकाणी मजा येते, काही ठिकाणी कंट्रीच्या बाईला कोणीतरी जबरदस्तीने संगीतला नाचायला ओढलंय असं वाटतं. पण कल्पना बघा ना, एकच गाणं तीन तऱ्हेच्या लोकांसाठी तीनदा वाजवायचं. 'यू आर स्टिल द वन'च्या दोन तऱ्हांनी जे चोरून केलं होतं तेच इथे उघड उघड केलं.

हे आवडलं, आता अजून काय ऐकू?

तिचंच घ्यायचं तर आधी १९९५ चा 'द वुमन इन मी', लँगबरोबरचा पहिला अल्बम, त्यात कंट्री जास्त आहे, मग 'कम ऑन ओव्हर' सुरुवातीपासून शेवटपर्यंत, गाणी न गाळता. हीच वाट पुढे कुठे गेली ते बघायचं असेल तर टेलर स्विफ्टचं 'लव्ह स्टोरी', २००८ चं, कंट्रीचं पॉप करून जग जिंकायचं तेच गणित दहा वर्षांनी. आणि मागे जायचं असेल तर डॉली पार्टन, तिच्याशिवाय हा विषयच सुरू होत नाही. तिचं 'आय विल ऑलवेज लव्ह यू' १९७४ चं आहे आणि ते पण ज्याच्यापासून वेगळं व्हायचं होतं त्या पॉर्टर वॅगनरसाठी लिहिलेलं, नवरा नव्हे हो, गाण्यातला जोडीदार, पण ते कराओकेला मागू नका प्लीज, सगळ्यांना व्हिटनी ह्यूस्टनसारखं म्हणायचं असतं आणि मग शेजारच्या सोसायटीतून फोन येतो.